पळसदेवच्या नानांस

आदरणीय नाना,
सप्रेम नमस्कार.

2023 साली पाऊस कमी झाला आणि पुढच्या जानेवारीतच उजनी धरण वजामध्ये गेले, म्हणजे वापरण्याजोगे पाणी संपून तळाचा मृतसाठाच उरला. सुमारे 117 टीएमसीच्या या धरणात निम्म्याहून अधिक मृतसाठाच असल्यामुळे वजामध्ये गेल्यावरही धरणात बुडालेली जुनी गावठाणे लगेच उघडी पडत नाहीत. त्या उन्हाळ्यात मात्र पाणी इतके खाली गेले की पळसनाथाचे देऊळ दिसू लागले आणि इतर अनेकांप्रमाणे मीही कॅमेरा घेऊन आले. होडीतून उतरल्यावर तासभर मी शिखराचेच फोटो काढत होते. आपण जाळे बाजूला ठेवून जवळ आलात, स्क्रीनवरचे सगळे फोटो शांतपणे पाहिलेत आणि म्हणालात, "देऊळ झकास आलंय. पण पोरी, गाव कुठाय?"

त्या एका प्रश्नासाठी आपले आभार मानावेत म्हणून हे पत्र लिहीत आहे. ते सर्वांसमोर ठेवते आहे, कारण पाणी ओसरले की तिथे फोटो काढायला जाणाऱ्या प्रत्येकाला तो प्रश्न कोणीतरी विचारावा, असे मला मनापासून वाटते.

त्या दिवशी आपण मासेमारी सोडून मला पांढरी, म्हणजे बुडालेल्या गावाची वस्तीची जागा, दाखवलीत. मला जिथे केवळ भेगाळलेला गाळ दिसत होता, तिथे आपण काठीने रेघा ओढत गेलात: ही वेस, हा पार, हा आड, ही चावडी. एका जोत्यापाशी येताच आपण चप्पल काढलीत. उंबऱ्याचा दगड गाळातून जेमतेम चार बोटे वर होता. आपण वाकून ओंजळीने त्यावरची माती सारलीत आणि आत पाऊल टाकताना, डोक्यावर चौकट नसतानाही, सवयीने मान झुकवलीत. 1980 साली धरण पूर्ण झाले, त्याआधीच आपण विशीत असताना घर सोडले होते. इतक्या वर्षांनंतरही त्या दाराची उंची आपल्या मानेला ठाऊक होती. तो फोटो मी काढला नाही, आणि त्याची मला खंतही नाही.

देवळाजवळचे वीरगळही, म्हणजे लढाईत पडलेल्या वीरांचे कोरीव स्मारकदगडही, आपणच वाचून दाखवलेत. खाली लढाई, त्यावर वीराला नेणाऱ्या अप्सरा, त्याहून वर शिवपूजा, हे मला पुस्तकांतून माहीत होते. परंतु पोळ्याला बैल कोणत्या दगडापाशी थांबवत, हे कोणत्याही पुस्तकात नव्हते.

परतल्यावर मी आधीचे बहुतेक फोटो बाजूला ठेवले आणि आपण ओढलेल्या रेघांचे ठेवले. माहितीफलकांवर सनावळ्या न लिहिता आपले शब्द लिहिले. नव्या गावच्या मंदिरात ते फोटो मांडले, तेव्हा एका आजींनी गाळात अर्धे रुतलेल्या जात्याच्या फोटोवर हात ठेवला आणि ते कोणाच्या घरचे, यावरून तिथे बराच वेळ वाद रंगला. तो वाद मी शब्दशः टिपून ठेवला आहे.

सोबत सर्व फोटोंच्या प्रती पाठवत आहे. त्यांतील सतरा क्रमांकाच्या फोटोत देवळाच्या मागे दगडांची एक ओळ दिसते. ती भिंत की बांध, हे मला उमगलेले नाही. पाणी पुन्हा उतरेल तेव्हा मी येईन. तोवर ती ओळ कोणाच्या घराची, हे आठवले तर कृपया कळवावे.

आपली कृतज्ञ,
फोटोवाली पोरगी