सात मुली कुठून आणायच्या?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

कमी पटाच्या शाळांबद्दल आपल्या दैनिकात अधूनमधून बातम्या येतात. शिक्षक किती, खर्च किती, शाळा चालू ठेवायची की शेजारच्या शाळेत मिसळायची, यावर तावातावाने लिहिलं जातं. त्यात एक गोष्ट मात्र कुठेच वाचायला मिळत नाही, म्हणून हे पत्र. मोठ्या गटातल्या मुली सातच्या खाली गेल्या की शाळेचा कबड्डीचा संघ होत नाही. गणित एवढं सोपं आहे, आणि आमच्या देवगड तालुक्यात ते दर हिवाळ्यात कुठल्या ना कुठल्या वाडीला सोडवावं लागतं.

माझी धाकटी मुलगी सातवीत आहे. तिच्या शाळेचा पट चौदा, त्यातल्या मोठ्या गटातल्या मुली पाच. व्हाळापलीकडच्या, म्हणजे ओढ्यापलीकडच्या शाळेत चार. गेल्या वर्षी केंद्रस्तराच्या स्पर्धा लागल्या तेव्हा आम्ही पालकांनी विचारलं की दोन शाळांचा मिळून एक संघ उतरवता येईल का. संघ एकाच शाळेचा हवा, असं उत्तर मिळालं. मग पाच जणी समूहगानात उभ्या राहिल्या आणि चौघी धावल्या. माझ्या मुलीने लांब उडीत दुसरा नंबर आणला. ते प्रशस्तिपत्रक घरी आल्या आल्या तिने कपाटावर टाकलं, अजून तिथेच आहे. गेल्या महिन्यात झाडताना मी ते पुसून परत तिथेच ठेवलं. खाली काढायची हिंमत झाली नाही.

तिचं दुःख मला जरा जास्त कळतं, कारण आमच्या घरात ही तिसरी पिढी. मी गावच्या मंडळाचा डावा कोपरा होतो, म्हणजे कबड्डीत डाव्या टोकाला उभं राहून पकड घालणारा. त्याआधी माझे बाबा. ते मुंबईला गिरणीत होते, परळला गावकीच्या खोलीत राहायचे. एका खोलीत वीस-पंचवीस माणसं, पाळीपाळीने झोपणारी. पाळी सुटली की आंघोळीच्या आधी मैदानावर. बाबा सांगतात, नवीन पोरगा गावाहून आला की आधी त्याला कबड्डीत उतरवायचे आणि नंतर कामाला कुठे चिकटवायचं ते बघायचे. बरा खेळणाऱ्याला नोकरी लवकर लागायची, कारण गिरण्यांचेही संघ असायचे. पुढे बँका, रेल्वे, पोलीस यांनीही कितीतरी कोकणी पोरं अशीच उचलली.

१८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. वर्षभर वाट बघून बाबा एक पत्र्याची ट्रंक आणि एक दुखरं ढोपर घेऊन गावी परतले. मी आठ वर्षांचा होतो. हा माणूस आमच्याकडे फक्त गणपतीला आणि मे महिन्यात यायचा, त्यामुळे त्याच्याशी बोलायचं काय, हाच प्रश्न होता. कापणी झाली तशी त्यांनी एक दिवस मला आणि वाडीतल्या पोरांना मळ्यात नेलं. भाताची बुडखं कुदळीने काढली, ढेकळं फोडली, पाणी मारलं आणि दोन दिवस चोपण्याने जमीन चोपून घेतली. वरून चाळलेली तांबडी माती. रेषांना चुलीतली राख, कारण फक्कीला पैसे नव्हते. संध्याकाळी गॅसबत्ती लावून आम्ही उभे राहिलो, आणि त्या दिवशी बाबा माझ्याशी पहिलं लांबलचक वाक्य बोलले: ‘तेचा तोंड काय बघतंस? कंबर बघ, कंबर. तोंड फसवता.’

चढाईला आलेला गडी डोळ्यांनी डावीकडे दाखवतो, हात उजवीकडे टाकतो, पण कंबर जाईल तिकडेच तो जातो. चाळीस वर्षांत नियम किती बदलले. चढाईला तीस सेकंदांचं घड्याळ आलं, बोनस रेषा ओलांडल्याचा जादा गुण आला, दोन चढाया रिकाम्या गेल्या की तिसऱ्या चढाईला गुण आणलाच पाहिजे असं झालं, माती जाऊन मॅट आली, अनवाणी पाय जाऊन बूट आले. कंबर तीच आहे. आमच्या खळ्यात, म्हणजे अंगणात, बाबा आता प्लास्टिकच्या खुर्चीवर बसून नातीला तेच सांगतात. ती विचारते, ‘आजोबा, मगे घोट्याक हात कधी घालूचो?’ आणि बाबा, ‘तिका आधी आत येवंदे. बोनसाक पाय उचलल्यान काय मगे.’ मी ओटीवर बसून ऐकत असतो. माझं ढोपरही आता त्यांच्यासारखंच बोलतं, ते सोडा.

बाबांच्या ट्रंकेत वर्तमानपत्राचं एक कात्रण आहे, १९९० चं, बीजिंगच्या आशियाई खेळांत कबड्डीला सुवर्ण मिळालं तेव्हाचं. २०१४ मध्ये प्रो कबड्डी सुरू झाली आणि आमच्या घरात पहिल्यांदाच आई रिमोट घेऊन बसली. तीस वर्षं नवऱ्याच्या आणि मुलाच्या ढोपरांना हळद-खोबरेल लावणाऱ्या बाईला तेव्हा कुठे कळलं की ही माणसं नेमकं करत काय होती. २०१८ ला जकार्तात आपले पुरुष उपांत्य फेरीत इराणकडून हरले, त्या रात्री बाबा जेवले, पण कुणाशी बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी मुलींचा संघही अंतिम सामन्यात इराणकडूनच हरला. पुढची स्पर्धा हांगझोला झाली आणि दोन्ही सुवर्णं परत आली. माझी मुलगी तेव्हा दहा वर्षांची होती. ‘मी पण’ म्हणाली, ते तेव्हापासून.

आता कुणी म्हणेल, एवढं काय, टेनिस बॉलचं क्रिकेट आहे की. आहे. मे महिन्यात आमच्या पंचक्रोशीत इतक्या स्पर्धा होतात की एकाच रविवारी तीन ठिकाणचे भोंगे ऐकू येतात. खेळाडूंचा लिलाव होतो, संघमालक असतात, जर्सीवर मालकाच्या हॉटेलचं नाव असतं. मुंबईची पोरं त्यानिमित्ताने गावाला येतात, आणि अशाच एका स्पर्धेच्या शिलकीतून आमच्या वाडीच्या विहिरीला पंप बसला. त्यामुळे क्रिकेटला नावं ठेवणारा मी नव्हे. पण त्या दोरीच्या आत मुली नसतात आणि म्हातारेही नसतात. माझे बाबा तिथे जातात, पाव तास बसतात आणि डीजेला कंटाळून घरी येतात. कबड्डीच्या मैदानापासून प्रेक्षक दोन हातांवर असतो. कुठल्या मुलीचा पाय रेषेला लागला यावर पंचांशी वाद घालणारी सत्तर वर्षांची आजी मी पाहिली आहे. नियमांचं तिला काही कळत नव्हतं, पण पाय लागला होता हे खरं.

आणखी एक. गावात देवळाचे मान ठरलेले, वाड्या ठरलेल्या, पाणवठेसुद्धा एकेकाळी ठरलेले. कबड्डीत पकड घालायची तर अंगाला अंग लागतं, दुसरा इलाज नाही. साखळी करायची तर शेजारच्याचा हात धरावा लागतो. बाबांनी ८३-८४ साली संघ केला तो सगळ्या वाड्यांचा, आणि त्यावर गावात काही महिने कुजबुज झाली. पुढे संघ जिंकायला लागला आणि कुजबुज थांबली. म्हणजे हरलो असतो तर काय झालं असतं, हा प्रश्न उरतोच. जिंकूनही सगळ्यांचं थांबत नाही. पालवण या कोकणातल्या गावावरून ज्यांचं आडनाव आलं, त्या पालवणकर बाळू या दलित गोलंदाजाने १९११ च्या क्रिकेटच्या इंग्लंड दौऱ्यात ११४ बळी घेतले, आणि हिंदू संघाचं कर्णधारपद मात्र त्यांना कधी मिळालं नाही. ते १९२३ मध्ये त्यांच्या धाकट्या भावाला, विठ्ठलला मिळालं. आमच्या संघाचा पहिला कर्णधार वरच्या वाडीचा होता, दुसरा खालच्या वाडीचा. मधे सहा वर्षं गेली.

तर आता मुली कमी का, याचं कारण सगळ्यांना ठाऊक आहे. २००१ च्या जनगणनेत सिंधुदुर्ग जिल्ह्यात ८ लाख ६८ हजार माणसं होती, २०११ मध्ये ८ लाख ४९ हजार. रत्नागिरीचंही तेच, १६ लाख ९६ हजारांवरून १६ लाख १५ हजार. महाराष्ट्र वाढत असताना हे दोन जिल्हे आटले. आमच्या वाडीत बंद घरं मोजायला बसलो तर दोन्ही हातांची बोटं पुरत नाहीत. ही माणसं परत आणा, असं मी तुमच्या पत्रस्तंभातून सांगितलं तर लोक हसतील. म्हणून मागणं लहानच आहे.

पहिलं म्हणजे, ज्या शाळांमध्ये संघापुरती मुलं नाहीत त्यांना शेजारच्या शाळेबरोबर संयुक्त संघ उतरवू द्यावा, केंद्रस्तरापासूनच. गुणांचं, ढालीचं, कुठल्या शाळेच्या नावावर नोंद करायची याचं काय ते कागदावर ठरवता येईल. सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के जागा राखीव आहेत, दहावी-बारावीला खेळाचे वाढीव गुण आहेत. ती शिडी आहे हे चांगलंच, पण तिच्या पहिल्या पायरीवरच आमच्या मुलींना ‘तुम्ही पाचच आहात’ असं सांगितलं जातं. मुंबई-पुण्याच्या शाळेत एका वर्गात साठ मुली असतात. त्यांच्याशी बरोबरी होईल असं मला वाटत नाही, पण पाय ठेवायला जागा तरी मिळावी.

दुसरं, शाळेच्या फाटकाचं. आमच्याकडे शाळेला संरक्षक भिंत झाली, फाटक झालं आणि संध्याकाळी पाचला कुलूप लागायला लागलं. कारणही खोटं नाही, पटांगणात बाटल्या सापडल्या होत्या. पण बाटल्या फेकणारे भिंतीवरून उड्या मारून आजही जातात आणि खेळणाऱ्या मुली बाहेर. शिक्षण हक्काचा कायदा शाळेला मैदान हवं म्हणतो, ते पाचनंतर कुणाचं हे काही सांगत नाही. शाळा व्यवस्थापन समितीने मंडळातल्या दोघा जबाबदार माणसांकडे लेखी घेऊन किल्ली द्यावी. काही तुटलं तर भरपाई मंडळाची. मी स्वतः सही करायला तयार आहे.

मुलींच्या कबड्डीचं मैदान १२ मीटर बाय ८ मीटर, म्हणजे एक गुंठासुद्धा होत नाही. किनाऱ्यालगत गुंठ्याचे भाव काय चाललेत ते आपल्या दैनिकातल्या जाहिरातींत रोज दिसतं, त्यामुळे एक गुंठा म्हणजे काय ते मी सांगायला नको. आमच्या जुन्या मळ्यात आता दुसऱ्याचं रिसॉर्ट आहे. वाईट वाटतं म्हणून सांगत नाही, जमीन आम्हीच विकली, बहिणीच्या लग्नाला. सांगायचा मुद्दा, आता गावात सपाट आणि सगळ्यांची म्हणावी अशी जागा एकच उरली आहे आणि तिला कुलूप आहे.

१५ जुलैला, कबड्डीच्या प्रसारासाठी आयुष्य घालवलेल्या बुवा साळवींच्या जन्मदिवशी कबड्डी दिन असतो. यंदा आम्ही पावसामुळे समाजमंदिरात जमलो. भाषणं झाली, मी पण पाच मिनिटं बोललो आणि त्यात वरचं बरंच बोललो. टाळ्या पडल्या. मग व्हाळापलीकडच्या शाळेतली एक मुलगी उठली आणि म्हणाली, काका, मग आम्ही सरावाला कधी यायचं? त्याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं, म्हणून म्हटलं उद्यापासून या.

पाऊस उघडल्यापासून त्या येतात. दोन्ही शाळांच्या मिळून नऊ जणी, सात आत आणि दोन राखीव. आमच्या खळ्यात माप पुरत नाही, एका बाजूला तुळस आणि दुसऱ्या बाजूला माड, म्हणून राखीव क्षेत्राशिवाय, म्हणजे दोन्ही बाजूंच्या पट्ट्यांशिवाय खेळतो. बाबा खुर्ची सरकवत सरकवत कधी मैदानात येतात ते त्यांनाही कळत नाही. स्पर्धा डिसेंबरात आहेत. या नऊ जणींचा संघ कुठल्या शाळेच्या नावावर लिहायचा, एवढं संबंधित अधिकाऱ्यांनी दिवाळीच्या आत कळवावं.

आपला,
एक माजी डावा कोपरा,
ता. देवगड, जि. सिंधुदुर्ग