गडावरचा कारखानीस कुठे गेला?

संपादक महोदय,

जुलै २०२५ मध्ये महाराष्ट्रातले अकरा किल्ले आणि तमिळनाडूतला जिंजी जागतिक वारसा यादीत गेले, तेव्हापासून आपल्या रविवार पुरवणीत किल्ल्यांवर भरपूर मजकूर येतो आहे. मी तो कात्री घेऊन वाचते, कात्रणं ठेवते. आनंद आहेच. पण इतक्या लेखांत एकदाही कुणी विचारलं नाही, की पावसाळ्याचे चार महिने गडावरची माणसं खात काय होती आणि त्या धान्याचा हिशेब कोण ठेवत होतं. मी मुंबईच्या नौदल गोदीत भांडार विभागात नोकरी केली. खिळ्यापासून दोरखंडापर्यंत आवक, जावक, शिल्लक, घट. त्यामुळे लढाई म्हटली की मला आधी कोठार दिसतं.

शिवकालीन गडावर तीन अधिकारी असत. हवालदाराकडे किल्ल्या, सबनिसाकडे हजेरी आणि लिखापढी, कारखानिसाकडे धान्य आणि इतर सामान. तिघे बहुधा वेगवेगळ्या जातींचे, म्हणजे एकट्याला फितूर होऊन गड परस्पर देता येऊ नये. हेतू संरक्षणाचा, पण परिणाम असा की डोंगरमाथ्यावरही रोजच्या रोज नोंद ठेवणारी आणि एकमेकांवर लक्ष ठेवणारी कचेरी उभी राहिली. हवालदाराची तलवार कॅलेंडरवर छापून येते. कारखानिसाची दौत कुणी छापत नाही.

चिपळूणजवळ छावणी पडली होती तेव्हा महाराजांनी तिथल्या जुमलेदार, हवालदार, कारकुनांना लिहिलेलं पत्र सगळ्यांना माहीत असतं. भाषणांत ते ‘रयतेला त्रास देऊ नका’ एवढ्यावर आटोपतं. मला ते पत्र एखाद्या मुरलेल्या भांडारपालाचं वाटतं. पावसाळ्यासाठी केलेली दाणावैरणीची बेगमी बरीचशी आधीच संपलेली आहे. उरलेली आत्ताच उधळलीत तर ऐन पावसात काही मिळणार नाही, घोडी मरायला लागतील, मग तुम्ही कुणब्यांकडून कुणी दाणे, कुणी भाकर, कुणी गवत, कुणी लाकूडफाटा आणायला लागाल, ते गाव सोडून जातील, आणि यांच्यापेक्षा मोगल बरे असं त्यांना वाटेल. एकातून एक अशी ही साखळी त्यात मांडली आहे. पुढे आगीची ताकीद येते. कुणी आगट्या पेटवतील, कुणी तंबाखू ओढायला विस्तव घेतील, रात्री दिवा तसाच राहील, उंदीर जळती वात ओढून नेईल आणि गवताच्या गंज्या जातील. उंदरापर्यंत विचार करणारा राजा किती जणांनी पाहिला असेल मला माहीत नाही, पण भांडारात काम केलेल्या कुणालाही विचारा, उंदीर हाच खरा शत्रू असतो.

रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, म्हणजे राज्यकारभारावरच्या त्यांच्या ग्रंथातही तेच. आरमाराला लाकूड हवं, पण रयतेच्या आंब्याफणसाला हात लावू नये, ही झाडं तिने लेकरासारखी वाढवलेली असतात. अगदीच एखादं जीर्ण झाड लागलं तर धन्याला राजी करून, पैसे देऊन न्यावं. अशी ताकीद लिहावी लागली म्हणजे झाडं तोडली जात होती, हे उघड आहे. एका गलबतामागे कुणाची तरी वाडी जात होती. लढणाऱ्यांच्या गोष्टी सांगताना हा खर्चाचा रकाना आपण कोराच ठेवतो.

ज्यांना हा रकाना सांभाळता आला नाही त्यांचं काय झालं ते स्पेनकडे पाहून कळतं. अमेरिकेतून चांदी भरून जहाजं येत असूनही दुसऱ्या फिलिपने १५५७, १५७५ आणि १५९६ साली देणी थांबवली. पगार थकलेले त्याचे सैनिक नोव्हेंबर १५७६ मध्ये अँटवर्पवर तुटून पडले. हजारो माणसं मारली गेली आणि युरोपातली एक बडी बाजारपेठ लुटली गेली. चारच दिवसांत, ८ नोव्हेंबरला, नेदरलँड्समधले एरवी आपसांत भांडणारे प्रांत गेंट शहरात करार करून त्या फौजेविरुद्ध एक झाले. डच लोकांच्या स्वतंत्र राष्ट्राच्या मुळाशी थकलेले पगारही आहेत. जपानात आणखी वेगळं. तिथे १५८८ साली हिदेयोशी या सत्ताधीशाने शेतकऱ्यांकडची शस्त्रं काढून घेतली, लढणारा वेगळा आणि नांगरणारा वेगळा. आपल्याकडे मावळातला माणूस पेरणी उरकून दसऱ्याला सीमोल्लंघन करायचा. दोन्हीकडे समाजाची घडी लढाईनेच बसवली, पण उलट सुलट.

पैशाबद्दल आपले लेखक सगळ्यात कमी लिहितात. पहिला बाजीराव एकामागून एक मोहिमा जिंकत होता आणि सावकारांच्या तगाद्याने जेरीला आला होता. त्याचे गुरू, धावडशीचे ब्रह्मेंद्रस्वामी यांना त्याने लिहिलेल्या पत्रांत ते उघड दिसतं. आधी कर्ज काढून फौज उभी करायची, मग मुलखातून चौथाई आणि खंडणी वसूल करून ते फेडायचं, तोवर पुढची मोहीम आलेली. इंग्लंडलाही फ्रान्सशी लढायला पैसे नव्हतेच. त्यांनी १६९४ साली बँक ऑफ इंग्लंड काढली, १२ लाख पौंडांचं कर्ज उभं केलं, ८ टक्के व्याज ठरवलं आणि त्या व्याजासाठी कराचं उत्पन्न कायद्याने बांधून दिलं. राजा मेला तरी ते कर्ज मरत नव्हतं. पुण्याच्या सावकाराला मोहीम फसण्याची धास्ती असायची, लंडनच्या ठेवीदाराला तेवढी नाही. म्हणूनच १८०३ मध्ये असईच्या लढाईत इंग्रजांपुढे आपण तोफांत कमी पडलो असं अजून कुणी म्हणालं की मला राग येतो. शिंद्यांच्या तोफखान्याने ईस्ट इंडिया कंपनीचा सेनापती वेलस्ली याची दीड हजारांहून जास्त माणसं मारली किंवा जखमी केली. त्याआधी कंपनीने जाहीरनामा काढून शिंद्यांच्या पदरी असलेल्या ब्रिटिश अधिकाऱ्यांना आपल्याकडे बोलावलं आणि निर्वाहाची हमी दिली. बरेच गेले. पगाराची खात्री कुणाकडे आहे हे त्यांना चांगलं कळत होतं.

आता मुंबईबद्दल, कारण त्यासाठीच मी हे पत्र लिहायला बसले.

यादीतला खांदेरी किल्ला आपल्याच दाराशी, बंदराच्या तोंडावर आहे. १६७९ साली मायनाक भंडारी तिथे तट बांधत होता आणि मुंबईचे इंग्रज त्याला अडवायला मोठी जहाजं घेऊन बेटाभोवती उभे होते. तरी मराठ्यांच्या लहान होड्या रात्री सामान घेऊन आत जातच राहिल्या. शेवटी इंग्रजांनीच नाद सोडला. ही लढाई रसदीने जिंकली. समुद्र ओळखणाऱ्या भंडारी-कोळ्यांना त्या काळात जी जागा मिळाली, ती आरमाराला त्यांची गरज पडली म्हणून.

दहाएक वर्षांनी जंजिऱ्याचा सिद्दी मुंबईत उतरला, माझगाव, माहीम त्याच्या हाती गेलं आणि कंपनीला १६९० मध्ये औरंगजेबाकडे दीड लाख रुपये दंड भरून सुटका करून घ्यावी लागली. पुढे शहराला तट आला. मे १७३९ मध्ये चिमाजीअप्पांनी वसई घेतली आणि इथे घबराट उडाली. शहरातल्या व्यापाऱ्यांनी ३० हजार रुपये वर्गणी काढली, तटाभोवती खंदक खणायला. तटाबाहेर तोफेच्या माऱ्याला आडोसा राहू नये म्हणून घरं आणि माड हटवले गेले, आणि पुढे ती मोकळी पट्टी वाढत गेली. १८६० च्या दशकात गव्हर्नर बार्टल फ्रिअरच्या काळात तट पाडले, पण पट्टीचा मोठा भाग मोकळाच राहिला. आझाद मैदान, क्रॉस मैदान, ओव्हल, कूपरेज हे सगळे तिचेच तुकडे. रविवारी जिथे एकमेकांत घुसलेले पाच-सहा क्रिकेटचे सामने चालतात, ती जागा चिमाजीअप्पांच्या धाकाने मोकळी व्हायला लागली. एवढ्या महागड्या शहरात एवढी मोकळी जमीन का उरली, याचं अर्धं उत्तर हे. उरलेलं अर्धं उत्तर त्यानंतर ती वाचवणाऱ्यांचं.

गोदीचंही तसंच. लवजी नसरवानजी वाडिया १७३६ साली सुरतेहून इथे आले, १७५० मध्ये पहिली सुकी गोदी झाली आणि ब्रिटिश आरमारासाठी सागवानी जहाजं इथे बांधली जाऊ लागली. १८१७ साली इथे बांधलेली ‘त्रिंकोमाली’ ही युद्धनौका अजून इंग्लंडमध्ये हार्टलपूलला पाण्यात उभी आहे.

म्हणून दोन मागण्या. ओव्हल आणि क्रॉस मैदानाच्या दारांशी महापालिकेने मराठीत फलक लावावेत: ही जमीन कशासाठी मोकळी केली, कुणी वर्गणी दिली, कुणाची घरं गेली. पुतळा नको, कारंजं नको, पाच-सहा ओळी पुरेत. आणि गडांवर जे नवे माहितीफलक लागणार आहेत त्यांत अंबरखाना (धान्याचं कोठार), दारूकोठार आणि टाकी यांच्यापुढे नुसती नावं नकोत. तिथे काय साठवत, किती दिवस पुरेल अशा बेताने साठवत, ते कोणत्या गावांतून येई आणि नोंद कोण ठेवी, हे अभ्यासकांकडून तपासून लिहावं.

आपल्या पुरवणीतही एखादा रविवार कारखानिसाला मिळावा. तो लेख मी कात्रीशिवाय वाचेन, म्हणजे पुरवणी अख्खीच ठेवेन.

— नौदल गोदीतील निवृत्त भांडार लिपिक, लालबाग, मुंबई