घाटावरच्या गुरुजींना

आदरणीय गुरुजी,

साष्टांग नमस्कार.

सुतकात कुणाला नमस्कार करायचा नसतो, त्यामुळे बाबांच्या दहाव्याला रामकुंडावरून निघताना तुमच्या पाया पडता आलं नाही. तेराव्याच्या उदकशांतीला दुसरे गुरुजी आले. अंत्येष्टी सांगणाऱ्या गुरुजींना शुभकार्याला सहसा कुणी बोलावत नाही, आणि घाटावरून परतताना 'येतो' म्हणायचीही पद्धत नाही. लग्न लावणाऱ्या गुरुजींचं नाव घरात वर्षानुवर्षं निघतं, तुमचं कुणी काढत नाही. मला हे पटत नाही. म्हणून हे पत्र चारचौघांसमोर लिहिते आहे.

पहिले आभार अमरधाममधले. मडकं भरून ठेवलेलं आणि ते कोण उचलणार यावरून मंडळींत कुजबुज सुरू झालेली, कारण बाबांना मी एकटीच. तुम्ही एवढंच म्हणालात, "मुलगी आहे ना? मग झालं." मडकं खांद्यावर घेऊन मी चितेभोवती फिरले. फेरीगणिक मडक्याला भोक पाडायला जो दगड तुम्ही जमिनीवरून उचललात, तोच पुढे दहा दिवस आमचे बाबा झाला.

त्या दगडाबद्दलच, त्या अश्म्याबद्दल, म्हणजे जीवखड्याबद्दलच मला खरं तर लिहायचं आहे. मुठीत मावेल एवढा काळा दगड. बाबांनी जन्मभर शाळेत भूगोल शिकवला. त्यांनी त्याला बेसाल्ट म्हटलं असतं आणि साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा म्हणून वर्गात बाकाबाकावरून फिरवला असता. जीवखडा घरात घ्यायचा नसतो म्हणून आम्ही तो पांढऱ्या फडक्यात गुंडाळून सोसायटीच्या आवारात, चाफ्याच्या बुंध्याशी ठेवला. वर परडी पालथी घालायची, हे तुम्हीच फोनवर सांगितलंत. रोज सकाळी मी खाली जाऊन तीळ-पाणी द्यायची आणि आई गॅलरीतून बघायची. मग ती त्याच्याशी बोलायलाच लागली. दूधवाल्याचा हिशेब, माझ्या ऑफिसचं, सगळं. पाऊस आला की मला विचारायची, "भिजत असतील का गं?" घरातल्या थोरामोठ्यांना हे बरं लक्षण वाटत नव्हतं. मी घाबरून तुम्हाला फोन केला. तुम्ही म्हणालात, "बोलू द्या त्यांना. त्यासाठीच तर तो ठेवलाय."

गोदावरी रामकुंडापाशी दक्षिणेकडे वळते आणि दक्षिण ही यमाची दिशा, म्हणून कुठून कुठून लोक हे विधी करायला नाशिकला येतात. त्या सकाळीही घाटावर बसायला जागा नव्हती. पिंड ठेवला आणि कावळा लगेच शिवला. आईला सांभाळीन, घर विकणार नाही, असं काय काय कबूल करायचं मी मनाशी ठरवून आले होते. ते ओठांवर यायच्या आत सगळं झालं. लोक म्हणाले, भाग्यवान हो. आईचा मात्र चेहरा उतरला. इतक्या चटकन निघाले, आमच्यात जीव अडकला नाही त्यांचा, हे तिला लागलं. एवढ्या गडबडीत तुमच्या ते लक्षात आलं, याचं मला अजून नवल वाटतं. तुम्ही म्हणालात, "वहिनी, दहाव्याचा पिंड भूक-तहानेचा. भागली त्यांची. माणूस रुसून उठला नाही, जेवून उठला."

तिलांजली तुम्ही बायकांनाही द्यायला लावलीत, आत्यापासून शेजारच्या काकूंपर्यंत. आणि मग, दगड सोडायच्या वेळी, आईने विचारलं, "हा ठेवून घेतला तर?"

कुणीतरी चुकचुकलं. तुम्ही शास्त्र काढलं नाहीत. अश्मा उचलून तिच्या तळहातावर ठेवलात, तेलाची वाटी पुढे केलीत आणि म्हणालात, "आधी तेल लावा. घाई नाही." पलीकडचे यजमान खोळंबले होते, त्यांना खुणेने बसवलंत. आई ओल्या पायरीवर बसली आणि अंगठ्याने तेल चोळू लागली. राखेचा करडेपणा गेला, दगड गडद काळा झाला आणि त्यातले बारीक पांढरे ठिपके वर आले. लाव्हातले वायूचे बुडबुडे मागाहून खनिजांनी भरतात, त्या खुणा. बाबांनी आम्हाला अंजनेरीच्या वाटेवर दाखवल्या होत्या. आई तेच ठिपके निरखत राहिली. तुम्ही खालच्या पायरीवर बसून सांगितलंत, "आपण बोलावलं म्हणून ते यात आले. दहा दिवस तुम्ही जे बोललात तेही यात आहे. ते आता पाण्याला द्या, वहिनी. दगडाला परत दगड होऊ द्या. फेकू नका. हात पाण्याखाली न्या आणि उघडा."

तिने हात उघडला.

त्या दुपारी ती पोटभर जेवली आणि संध्याकाळपर्यंत झोपली. आता चाफ्याखालून जाते-येते, फुलं वेचते. बोलते, पण बाबांच्या फोटोशी, आणि ते आपल्या सगळ्यांकडेच चालतं. घाटावर दहा मिनिटांत मंत्र उरकून 'पुढचे कोण?' विचारणारेही मी पाहिले आहेत. गर्दी बघता त्यांना बोल लावत नाही. पण तुम्ही उरकलं नाहीत. दक्षिणा आम्ही विधीची दिली. ती वाटी पुढे करून तुम्ही जो वेळ दिलात, त्याचे आभार राहिले होते, ते हे.

वर्षश्राद्धाला गुरुजी तेच हवेत, असं आईने मला आत्ताच बजावलं आहे. तिथी बघून तारीख कळवा. आणि त्या दिवशी पुढचं काम धरू नका, जेवायलाच थांबायचं आहे. वडे, खीर आणि आमसुलाची चटणी आई स्वतः करणार आहे.

तुमची,
चाफ्याच्या सोसायटीतली यजमान