आम्ही ओकायामाला राहायला आलोय

ती. आई-बाबा,
सा. न.

फोनवर मला रडू येईल म्हणून लिहितेय. आम्ही टोकियो सोडलं, शनिवारी सगळं सामान ओकायामाला सासूबाईंच्या, आमच्या ओकासानच्या घरी आणलं आणि आता इथेच राहणार. म्हणजे जूनमध्ये कायमचं पुण्याला यायचं ठरलेलं, ते आता होत नाहीये. आई, पूर्ण वाच आधी.

ओकासान बाथरूममध्ये पडल्या, मनगट मोडलं, आणि दोन दिवस आम्हाला कळवलंच नाही, तुम्हाला कशाला त्रास म्हणून. मला तूच दिसलीस गं, तो ताप लपवलास तेव्हाची. तुम्हाला सोडून इथे बसलेय हे रोज रात्री मनात येतं, पण तुमच्याजवळ दादा-वहिनी आहेत, ओकासानना आमच्याशिवाय कुणीच नाही.

माझे हाल नाहीत हं. कुकर आणलाय, तूरडाळ ऑनलाइन येते, घरात ऊन भरपूर. सकाळी भात झाला की पहिली वाटी बुत्सुदानात, म्हणजे इथल्या घरातल्या बौद्ध देवघरात, सासऱ्यांच्या फोटोपुढे जाते आणि घंटी चिमी वाजवते, तुझ्या देवघरात वाजवायची तशीच दणदणीत, ओकासान एकदाही हळू म्हणत नाहीत. रात्री टब एकदाच भरायचा, बाहेर अंग धुवून मग एकेकाने त्याच पाण्यात बसायचं, पहिला नंबर त्या मला देतात, दमून आलीस म्हणून, आणि तोवर पाणी निवू नये म्हणून टबावर झाकण घालून ठेवतात. काल त्या पाण्यात बसले आणि बाबा, परीक्षेच्या दिवशी पहाटे तुम्ही माझ्यासाठी बंब पेटवायचात ते आठवलं, किती वेळ उठलेच नाही.

आता ऐका. इथे २००० सालापासून सरकारी काळजी-विमा आहे, चाळिशीपासून सगळे हप्ता भरतात, त्यातून ओकासानच्या बाथरूमला धरायचे दांडे लागले, आपल्याला थोडाच हिस्सा भरावा लागला. तुमच्याकडच्या दांड्यांचे पैसे मी पाठवते, या आठवड्यात प्लंबरला बोलवा, मी काय म्हातारा झालोय का हे नको. निळी पायपुसणी आजच टाकून द्या, घसरते ती. आई, बीपीची गोळी नाश्त्यानंतर, उपास असला तरी.

बाबा, सिंहगड रोडची तुमची रोजची बाग ज्या कोराकुएन बागेवरून केलीय ना, ती इथून सायकलने दहा मिनिटं. चिमी म्हणते आजोबांची बाग. शाळेला निघताना ती 'इत्तेकिमास' म्हणते, म्हणजे जाऊन येते. एअरपोर्टवर मी 'जाते' म्हणाले तर आई, तू केवढी चिडली होतीस.

ऑक्टोबरची तिकिटं काढतेय तुमची, थंडी नसते तेव्हा. पासपोर्टची तारीख बघून आजच फोटो पाठवा.

तुमची
छकुली