हप्ता सांगतात, बेरीज सांगत नाहीत

एडिसन, न्यू जर्सी
९ मार्च २०२५

तीर्थरूप दादास,
सा. न. वि. वि.

काल फोनवर तू सांगितलंस, पोरानं पुण्याजवळ रावेतला फ्लॅट पसंत केलाय, ७५ लाखांचा. ६० लाखांचं कर्ज होतंय, साडेआठ टक्क्यानं, ३० वर्षांच्या मुदतीचं. "हप्ता ४६ हजार, पगारात बसतो," असं म्हणताना तुझ्या आवाजात इतका आनंद होता की मला मध्ये बोलवेना. फोन ठेवल्यावर मात्र तो ३० चा आकडा डोक्यातून जाईना. व्हॉट्सअ‍ॅपवर लिहिलं तर आकडे वर सरकून जातात आणि कुणी परत वाचत नाही, म्हणून कागदावर लिहितेय. तुझं वाचून झालं की माझ्या भाच्याच्या हातात दे. तो सही करायच्या आत त्याच्या आत्याचं एवढं ऐकून घेऊ दे.

आम्ही २०१८ साली हे घर घेतलं तेव्हा तू गावात पेढे वाटले होतेस. त्या दिवशीचं मी तुला कधी सांगितलं नाही. वकिलाच्या ऑफिसात मोठ्या टेबलावर कागदांचा गठ्ठा होता. एक बाई एकेक पान पुढे सरकवत होती आणि आम्ही दोघं सह्या करत होतो, चाळीसेक तरी केल्या असतील. बाळ मांडीवर रडत होतं, लवकर उरकायचं होतं. त्या गठ्ठ्यात पाच पानांचा एक सरकारी नमुना असतो. कर्ज देणाऱ्यानं तो सहीच्या निदान तीन कामाचे दिवस आधी द्यावाच लागतो. आमच्याही हातात आला होता. त्याच्या पाचव्या पानावर एका चौकोनात लिहिलेलं असतं, की शेवटच्या हप्त्यापर्यंत तुम्ही एकूण किती रक्कम भरणार. तिथेच, कर्जाच्या किती टक्के नुसतं व्याज जाणार, तेही. मी तेव्हा फक्त पहिलं पान बघितलं, कारण पहिल्या पानावर महिन्याचा हप्ता असतो.

कर्ज ४ लाख डॉलरचं होतं, पावणेपाच टक्क्यानं, ३० वर्षांचं. हप्ता २,०८७ डॉलर. पाचवं पान मी पहिल्यांदा नीट वाचलं ते दोन वर्षांनी, लॉकडाऊनमध्ये कपाट आवरताना. एकूण परतफेड साडेसात लाखांच्या पुढे. व्याज ८८ टक्क्यांच्या आसपास. जमिनीवर बसूनच मी कॅल्क्युलेटर घेतला आणि आकडेमोड परत परत करून पाहिली, कारण पावणेपाच टक्के म्हणजे शंभराला पावणेपाच असंच मनात धरून बसले होते. ते पावणेपाच दर वर्षी, तेही राहिलेल्या सगळ्या रकमेवर द्यायचे असतात, हे शाळेत शिकलेलं असूनही घराच्या बाबतीत डोक्यात शिरलं नव्हतं.

पहिल्या हप्त्याचं बघ. २,०८७ मधले १,५८३ व्याजाचे आणि मुद्दलाचे ५०३. सव्वादोन वर्षांत आम्ही छप्पन्न हजार भरले आणि मुद्दल उतरलं चौदा हजारांनी. यात कुणी फसवलेलं नाही, कर्जाचं गणितच तसं आहे. सुरुवातीला देणं सगळ्यात मोठं असतं, म्हणून व्याजही सगळ्यात जास्त. मुदत जितकी लांब, तितका मुद्दलाचा वाटा बारीक.

आता हेच तुझ्या पोराच्या कर्जाला लावून बघते. ६० लाख, साडेआठ टक्के, ३० वर्षं. हप्ता ४६,१३५ रुपये. पहिल्या महिन्यात त्यातले ४२,५०० व्याजाचे आणि ३,६३५ मुद्दलाचे. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता त्यानं २७ लाख ६८ हजार भरले, की बँक सांगेल, अजून ५७ लाख २९ हजार बाकी आहेत. तीस वर्षांची बेरीज १ कोटी ६६ लाख. म्हणजे घर एक आणि व्याज १ कोटी ६ लाख.

तू म्हणालास, "भाडं भरण्यापेक्षा हप्ता बरा, भाडं वाया जातं." दादा, मीही हेच म्हणायचे. पण पहिल्या महिन्याचे ते ४२,५०० रुपये परत येणार आहेत का? तेही भाडंच आहे, बँकेच्या पैशाचं. रावेतला तसलाच फ्लॅट भाड्यानं घेतला तर किती पडतो हे पोराला विचार आणि मग तुलना कर. घर घेऊच नये असं मी म्हणत नाही. स्वतःच्या भिंतीत खिळा ठोकायला कुणाला विचारावं लागत नाही, याची किंमत मला कळते. मात्र घ्यायचं ते सगळे आकडे समोर ठेवून घ्यावं.

मी काल रात्री तक्ता मांडून बसले तेव्हा मला जे दिसलं ते सांगते, आणि या पत्रात दुसरं काही वाचलं नाहीस तरी एवढं वाच. त्याच ४६ हजारांच्या हप्त्यात २० वर्षांसाठी ५३ लाखांचं कर्ज बसतं. हप्ता ४५,९९४. तुम्हाला हवेत ६० लाख, म्हणजे ७ लाख जास्त. त्या ७ लाखांसाठी बँकेनं मुदत दहा वर्षांनी वाढवली आहे. दहा वर्षांचे हप्ते किती होतात? ५५ लाख. घराच्या शेवटच्या ७ लाखांसाठी पोरगा ५५ लाख देणार आहे! आज तो तिशीत आहे. शेवटचा हप्ता जाईल तेव्हा साठीला टेकलेला असेल, आणि त्याचं क्षेत्र असं की पन्नाशीनंतरच्या नोकरीची खात्री त्याचा साहेबही देणार नाही. त्याचा हातात येणारा पगार ९५ हजार. ६० लाख वीस वर्षांत फेडायचे तर हप्ता ५२ हजारांवर जातो, तो बँकेच्या हिशेबात बसत नाही. म्हणून मुदत ताणून बसवलाय.

आणखी एक भीती आहे, ती इथे आम्हाला नाही पण तुम्हाला आहे. इथे बहुतेकांचं कर्ज ठरलेल्या व्याजाचं असतं, तीस वर्षं दर हलत नाही. आपल्याकडे बँकांचं बहुतेक घरकर्ज बदलत्या दराचं, २०१९ च्या ऑक्टोबरपासून बाहेरच्या दराला, म्हणजे बहुधा रेपोला (रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना पैसे देते त्याला) जोडलेलं. गेल्या महिन्यात रिझर्व्ह बँकेनं रेपो सव्वासहावर आणला म्हणून सगळे खूश आहेत. पण २०२० च्या मे महिन्यात तो ४ होता आणि २०२३ च्या फेब्रुवारीत साडेसहा झाला. तेव्हा किती जणांचा हप्ता तेवढाच राहिला आणि मुदत गुपचूप वाढली. पुढे ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं बँकांना बजावलं, की दर बदलला की ग्राहकाला कळवा आणि हप्ता वाढवायचा की मुदत, हे त्याला ठरवू द्या. उद्या पोराचा दर साडेआठवरून साडेनऊ झाला तर ६० लाखांवर महिन्याचं व्याजच ४७,५०० होतं. हप्ता ४६,१३५. म्हणजे व्याजसुद्धा भागत नाही, मुदत वाढवायलाही जागा उरत नाही, हप्ता वाढवावाच लागतो. वीस वर्षांच्या कर्जात निदान श्वास घ्यायला जागा असते.

आमचं पुढे काय झालं तेही सांगते, कारण तिथे आम्ही दुसऱ्यांदा चुकणार होतो. २०२१ च्या सुरुवातीला इथे दर खूप उतरले होते. आम्ही कर्ज बदलून घेतलं, उरलेले ३ लाख ८६ हजार, ३ टक्क्यानं. नवा हप्ता १,६२७. महिन्याला ४६० डॉलर वाचले म्हणून घरात आनंदीआनंद. त्या रात्री यांनी विचारलं, "पण हे परत तीस वर्षांचं आहे ना?" सव्वादोन वर्षं भरलेली पुसली जाऊन मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली होती. आम्ही ठरवलं, हप्ता कमी झाला तरी आपण जुनाच भरायचा. तसं केलं तर कर्ज पावणेएकवीस वर्षांत फिटतं आणि ६७ हजार डॉलर व्याज वाचतं. (बदलण्याचा खर्च वेगळा, तो आम्ही खिशातून दिला.)

पण त्यातही एक झालं. सात महिने आम्ही वरचे ४६० भरत होतो आणि हप्ते गोळा करणारी कंपनी ते मुद्दलात न वळवता पुढच्या हप्त्याची आगाऊ रक्कम म्हणून बाजूला ठेवत होती. एकदा स्टेटमेंट हातात घेऊन बसले तेव्हा लक्षात आलं, की मुद्दल तक्त्याप्रमाणेच उतरलंय, एक डॉलरही जास्त नाही. तीन फोन आणि एक पत्र झाल्यावर ते दुरुस्त झालं. म्हणून पोराला सांग, बोनस आला की मुद्दलात भरायचा, आणि भरताना "मुदत कमी करा, हप्ता नको" असं लेखी द्यायचं. नवा तक्ता हातात आल्याशिवाय उठायचं नाही. बदलत्या दराच्या घरकर्जाला मुदतीआधी फेडण्याचा दंड बँक लावू शकत नाही, हेही त्याला माहीत असू दे. ६० लाखांचं वीस वर्षांचं कर्ज असलं आणि वर्षाला एकच जास्तीचा हप्ता भरला, तर ते साडेसोळा वर्षांत संपतं आणि तेरा लाख वाचतात.

तू करसवलतीचं म्हणालास. इथेही सगळे तेच सांगायचे. २०१९ साली आम्ही जवळजवळ १९ हजार डॉलर व्याज भरलं आणि हिशेब केला तर कर वाचला हजाराच्याही आत, कारण व्याज न दाखवताही सरसकट मोठी वजावट मिळतेच. तुमच्याकडे स्वतः राहत्या घराच्या व्याजाची २ लाखांची वजावट जुन्या करपद्धतीतच आहे, नव्या पद्धतीत नाही. पोरगा कुठल्या पद्धतीत आहे ते विचार. आणि वजावट पुरी मिळाली तरी रुपया व्याज देऊन तीस पैसे परत घेण्यासारखंच आहे ते.

बाकीचे खर्च थोडक्यात लिहिते. ७५ लाखांवर ७ टक्के मुद्रांक शुल्क आणि ३० हजार नोंदणी, म्हणजे साडेपाच लाख आधी हातात लागतील, ते कर्जात येत नाहीत. बँक कर्जाबरोबर विमा पुढे करेल आणि "वेगळे पैसे नकोत, कर्जातच मिळवतो" म्हणेल. विम्याचा दीड लाखाचा हप्ता कर्जात मिळवला तर वीस वर्षांत तो ३ लाख १२ हजारांना पडतो. विमा काढावाच, पण साधा मुदतीचा, वेगळा. आणि घर झालं की सोसायटीचा मेंटेनन्स, मालमत्ता कर आहेच. न्यू जर्सीत गेल्या वर्षी सरासरी मालमत्ता कर १० हजार डॉलरच्या वर गेला. आमचा तो हप्त्यातच घेतात, म्हणून दर ठरलेला असूनही हप्ता दर वर्षी थोडा वाढलेला येतो. कर्ज एक दिवस संपेल. हा कर मात्र आम्ही इथे राहू तोवर चालूच राहणार.

आता माझं म्हणणं. फ्लॅट तोच घ्या, मला वहिनींनी पाठवलेले फोटो आवडले, स्वयंपाकघराला पूर्वेची खिडकी आहे. कर्ज मात्र ५३ लाखांचं आणि वीस वर्षांचंच काढा. वरच्या सातातले चार लाख मी पाठवते. पोराकडे गाडीसाठी साठवलेले दीड आहेत, ती गाडी दोन वर्षं थांबू शकते. उरलेल्या दीडसाठी बिल्डरशी घासाघीस करा, पार्किंगचे आणि जादा कामांचे आकडे लेखी मागा, तिथे नक्की काहीतरी सुटतं. माझे चार लाख उसने नाहीत. वहिनी नको म्हणतील, त्यांना माझा नमस्कार सांग आणि म्हणावं, नणंदेचं एवढं ऐका.

आणि तू नको म्हणायच्या आत एक विचारते. माझ्या इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षाची फी भरायला तू पतसंस्थेतून कर्ज काढलं होतंस. हिरव्या कव्हरचं पासबुक तू कपाटात धोतरजोडीच्या घडीखाली ठेवायचास, मला ते माहीत होतं. तेव्हा मी फक्त एवढंच विचारलं होतं, "दादा, महिन्याला किती जातात?" तू म्हणालास, "बसतं गं, अभ्यास कर." ते कर्ज फिटेपर्यंत तू एकूण किती भरलेस, हे मी आजपर्यंत विचारलं नाही. पासबुक असेल अजून. उत्तर लिहिताना तो आकडा त्यात लिही.

आईच्या गुडघ्याचं काय म्हणाले डॉक्टर, तेही कळव. लहानांना आशीर्वाद.

तुझी,
धाकटी