दशावतार चित्रीकरण : शनिवारच्या जत्रेसाठी सूचना

सर्व सभासदांनी शनिवारी दुपारी ४ वाजता कुडाळ एसटी स्थानकावर जमावे. दशावतार या कोकणातील लोकनाट्याचा खेळ पालखी आटोपल्यावर, बहुधा मध्यरात्रीनंतर सुरू होऊन पहाटेपर्यंत चालतो. प्रत्येकाने तीन भरलेल्या बॅटऱ्या आणाव्यात.

दशावतारात लिखित संहिता नसते, संवाद रंगमंचावरच सुचतात. त्यामुळे रिटेक नाही. काही कॅमेरे ३० मिनिटांनी आपोआप थांबतात, म्हणून दोन्ही कॅमेरे एकाच वेळी सुरू करू नका; दहा मिनिटांचे अंतर ठेवा.

ध्वनी : माइक पायपेटी (पायाने भाता चालवायची हार्मोनियम) आणि पखवाजाजवळ लावल्यास संवाद बुडतात. तो रंगमंचापुढे, वादकांच्या विरुद्ध बाजूला हवा. पातळी उणे १२ डेसिबलच्या वर नको; राक्षसाच्या प्रवेशाची आरोळी आवाज फाडते.

प्रकाश : सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. नाहीतर ट्यूबलाइटचे पट्टे दिसतात.

आडदशावतार, म्हणजे मुख्य कथेआधीचा पूर्वरंग, चुकवू नका. आख्यानासाठी (मुख्य कथेसाठी) कार्ड वाचवण्याच्या नादात पूर्वरंगातील गणपती आणि संकासुर ही पात्रे सुटली, तर परंपरेचा गाभाच हातचा जातो.

रंगपटात (कलावंत रंगतात त्या जागी) दशावतार मंडळाच्या मालकांची परवानगी घेऊनच जावे, वेशभूषेच्या पेटाऱ्याला हात लावू नये, फ्लॅश वापरू नये. कलावंतांची लेखी संमती रंगायला बसण्यापूर्वीच घ्यावी. मानधन त्याच रात्री द्यायचे आहे.

येणाऱ्यांनी गुरुवारपर्यंत नाव कळवावे.