नागरिकत्व न सोडलेली आयवा

फोंडा, रविवार

चि. मृणाल हिस,
अनेक आशीर्वाद.

आजोबांचा पोर्तुगीज अमदानीतला जन्म लिस्बनला नोंदवून आपणही पोर्तुगीज पासपोर्ट काढावा, असे तू लिहिले आहेस. त्यावर निर्णय तुझे बाबा कळवतील, आणि तो लांबणार हे तू जाणतेसच. मला मात्र नागरिकत्व बदलण्याच्या या विचारावरून आयवा तोगुरी ही जपानी वंशाची अमेरिकन बाई आठवली. वकिली शिकणाऱ्या मुलीला तिचा खटला ठाऊक असायला हवा.

लॉस एंजेलिसमध्ये १९१६ साली जन्मलेली आयवा १९४१ मध्ये आजारी मावशीसाठी जपानला गेली आणि अमेरिका आणि जपान यांच्यात युद्ध पेटल्याने तिथेच अडकली. पोलिसांनी तगादा लावूनही तिने अमेरिकेचे नागरिकत्व सोडले नाही. पोटासाठी ती रेडिओ टोकियो या जपानी केंद्रावर टंकलेखन करू लागली आणि पुढे तिला अमेरिकन सैनिकांसाठीच्या प्रचारी कार्यक्रमात निवेदनाला बसवण्यात आले. १९४५ मध्ये तिने फेलिपे द आक्विनो या पोर्तुगीज नागरिकाशी लग्न केले (आडनाव सासष्टीतलेच वाटते, नाही?), तरीही ती अमेरिकनच राहिली.

युद्ध संपताच तिला पकडून टोकियोच्या सुगामो तुरुंगात सुमारे वर्षभर आरोपाशिवाय ठेवले आणि पुरावा नाही म्हणून सोडले. १९४८ च्या आरंभी तिचे मूल जन्मताच दगावले, आणि त्याच वर्षी देशद्रोहाच्या आरोपावरून तिला पुन्हा अटक झाली. सॅन फ्रान्सिस्कोत १९४९ साली आठ आरोपांपैकी एकच सिद्ध झाला, तो असा की बुडालेल्या जहाजांविषयी ती मायक्रोफोनवर बोलली. शिक्षा दहा वर्षांची, दंड दहा हजार डॉलर, आणि जपलेले नागरिकत्वही गेले. मुख्य साक्षीदार दोघेही अमेरिकेतच जन्मलेले होते. मात्र त्यांनी जपानी नागरिकत्व घेतले असल्याने त्यांना देशद्रोहाचा कायदा लागत नव्हता.

वेस्ट व्हर्जिनियातील आल्डरसनचा तुरुंग, जिथे तिला ठेवले, आपल्या आग्वाद किल्ल्यातल्या तुरुंगासारखा नव्हता. तिथे बायकांना छोट्या घरांतून ठेवत. आयवा तिथल्या दवाखान्यात काम करी. पण साक्षीसाठी आलेल्या नवऱ्याकडून अमेरिकेत पुन्हा न येण्याचे लिहून घेतले होते, त्यामुळे भिंती नसल्या तरी तो तिला भेटू शकत नव्हता, आणि ही शिक्षा कोणत्याही निकालपत्रात लिहिलेली नव्हती. सहा वर्षांहून अधिक काळ काढून जानेवारी १९५६ मध्ये ती सुटली, तेव्हा सरकारने तिला देशाबाहेर घालवण्याचा प्रयत्न केला.

आपल्याकडून खोटी साक्ष वदवून घेतली गेली, हे त्या दोघा साक्षीदारांनी १९७६ मध्ये शिकागोच्या वार्ताहरापाशी कबूल केले. जानेवारी १९७७ मध्ये राष्ट्राध्यक्ष फोर्ड यांनी तिला माफी देऊन नागरिकत्व परत केले. मला ही माफी अपुरी वाटते, कारण माफीने निकाल खोटा ठरत नाही. चवथीला येशील तेव्हा कायद्याच्या अंगाने यावर तुझे मत सांग.

तुझी,
आई